धाकटी आणि कपाळपट्टी

माझ्या रोजच्या वहीतली नोंद: बुधवार, १२ सप्टेंबर. सकाळी पाण्याला जोर नव्हता. लोकरी कपड्यांना ऊन दिलं. जेवणं आटोपल्यावर समोरच्या घरातून ओरडा ऐकू आला, पुरुषाचा, आणि मग एकदम शांत. धाकटीच्या नवऱ्याला शेजाऱ्यांनी उचलून गाडीत घातलं. उजवा हात टॉवेलात गुंडाळलेला होता आणि टॉवेल बघता बघता लाल होत होता. धाकटी पायरीवर बसून होती. हवालदार आला.

सात बहिणींतली शेवटची म्हणून माहेरी ती धाकटी. सासरी ना दीर ना जाऊ, तरी तेच नाव पाठोपाठ आलं. आमच्या गल्लीत आज तिचं खरं नाव विचारलं तर लोक एकमेकांच्या तोंडाकडे बघतील. अंगाने काटकुळी, आवाज इतका बारीक की दुकानदार तिला प्रत्येक वेळी "काय म्हणालात?" असं विचारायचा. घरात तिघंच: ती, सासूबाई आणि नवरा. नवऱ्याला सगळं गाव उस्ताद म्हणत असे, कारण तो कत्तलखान्यात पहिल्या सुरीवर होता.

पहिली सुरी म्हणजे काय, हे धाकटीने लग्नानंतर महिनाभरात एकदा डबा द्यायला गेली तेव्हा डोळ्यांनी पाहिलं. मेंढ्या मागच्या एका पायाने साखळीला उलट्या टांगलेल्या असतात आणि साखळी सरकत राहते. रांगेच्या तोंडाशी जो उभा, त्याचा गळ्यावरचा पहिला घाव. तो चुकला की जनावर मरत नाही. अर्धवट कापल्या गळ्याने पुढच्या माणसावर जाऊन आदळतं, लाथा झाडतं, रक्ताने माणसं आंधळी होतात आणि साखळी थांबवावी लागते. उस्तादचा घाव चुकत नसे. जांभई देता देता, शेजाऱ्याला विनोद सांगता सांगता तो माना उघडत जायचा आणि रक्त त्याच्या बुटांवरून नाल्याकडे वाहत जायचं. बाकीच्यांच्या वाट्याला कातडी, आतडी, खूर. गळा त्याचा एकट्याचा. पगार जास्त, चहा सगळ्यांच्या आधी, आणि रस्त्यात भेटलेला माणूस आपणहून बाजूला होणार.

हे काम अंधार असतानाच सुरू होतं आणि दुपारच्या जेवणापर्यंत संपतं. त्यामुळे या लोकांची रात्र दुपारी. खिडक्यांना जाड पडदे लावायचे, दार लोटायचं आणि दिवसाढवळ्या झोपायचं. धाकटीचं निम्मं आयुष्य त्या पडद्यांमागे गेलं.

जागेपणी उस्तादने तिच्यावर कधीही हात उगारला नाही. गल्लीतल्या बायका हे आपापल्या नवऱ्यांना ऐकवत. "तो बघा उस्ताद, सकाळभर मुंडकी उडवतो, पण घरात पाऊल टाकलं की कसा गाईसारखा! आणि तुम्ही? कचेरीत पेन्सिली तासता आणि घरी येऊन भांडी फेकता."

झोपेत मात्र तो वेगळा होई. झोपेत त्याची कोपरं चालत, गुडघे चालत, मुठी चालत. तिच्या डाव्या कानाचा पडदा अशाच एका दुपारी फाटला. करंगळी मोडली ती वाकडीच जुळली. बरगडीवर एकदा अशी लाथ बसली की महिनाभर तिला हसता येत नव्हतं, अर्थात हसायचे प्रसंगही फार नव्हते. तो उठला की तिच्याकडे बघायचा आणि कपाळावर हात मारून घ्यायचा. "झोपेत झालं गं! मेंढ्या दिसतात मला. उलट्या अंगावर येतात."

सासूबाई म्हणत, "याचे वडील अगदी असेच होते. झोपेत दहा माणसांचं बळ यायचं त्यांना. हे माझे पुढचे दोन दात त्यांनीच पाडले. पण उठल्यावर बिचारे स्वतः दूध गरम करून आणायचे हो."

लग्नाच्या चौथ्या वर्षी धाकटीला दिवस गेले. पोट चांगलं दिसायला लागलं होतं, सासूबाईंनी जुनी लुगडी फाडून दुपटी शिवायला घेतली होती. एका दुपारी झोपेतल्या लाथेने ती पलंगावरून खाली पडली आणि पडल्यावरही पोटात दुसरी लाथ बसली. फरशीवर रक्ताचं थारोळं झालं. मुलगा होता, पुरता घडलेला, बोटांना नखंसुद्धा आलेली. उस्ताद इस्पितळाच्या भिंतीवर डोकं आपटून रडला. "मला पलंगाला बांधून ठेवा! मला तोडा!" रक्त गेल्याने पांढरीफटक पडलेली धाकटी खाटेवरून उठली आणि त्याच्या डोक्यावरून हात फिरवत राहिली. "तुम्ही काय मुद्दाम केलंत का?" असं ती म्हणाली. पुढची सगळी वर्षं ती या एका वाक्याच्या आधारावर जगली. त्याच पलंगावर, त्याच्याच शेजारी.

या वर्षी कत्तलखान्यात एक भयंकर गोष्ट झाली. दुसऱ्या सुरीवरचा माणूस, मनमिळाऊ, कोणाच्या अध्यात ना मध्यात, काम करता करता सहज वळला आणि त्याने शेजारी उभ्या असलेल्या सोबत्याचा गळा मेंढीचा कापावा तसा कापला. मग पुन्हा साखळीकडे वळून पुढची मेंढी घेतली. चौकशीत तो म्हणाला, मला वाटलं मी झोपलोय. रोज स्वप्नात हेच करतो. मालकांच्या तोंडचं पाणी पळालं. महिन्याच्या आत त्यांनी स्वप्नं मोजायचं यंत्र आणलं.

यंत्र म्हणजे रबरी पट्टी, आतून तीन धातूच्या चकत्या लावलेली. झोपताना कपाळाला बांधायची, दुसऱ्या दिवशी कामावर जाताना फाटकापाशी द्यायची. तिथे साबणाच्या डबीएवढ्या पेटीत ती घातली की कागदाची लांब चिंधी बाहेर येई आणि तिच्यावर आदल्या झोपेचे रंग उमटलेले असत. पिवळा म्हणजे साधी स्वप्नं, निळा म्हणजे भीती, लाल म्हणजे मारहाण. लालच्या शेजारी बारीक बाण असायचा. बाण खाली असेल तर झोपलेला मार खातोय, वर असेल तर तो मारतोय. लाल आणि वर बाण आला की सुरी गेली, मग आयुष्यभर कातडी धुवा. यंत्राचं कागदोपत्री नाव मोठं होतं. लोक त्याला कपाळपट्टी म्हणत, आणि ती वाचायला नेमलेल्या चष्मेवाल्या तरुणाला मापारी.

सुरुवातीला फाटकापाशी थट्टा चाले.

"मापारी, माझ्या पट्टीत याची बायको दिसली का हो?"

"तुझ्या पट्टीत नुसती भूक दिसते. रात्री दोन घास जास्त खा."

पण उस्ताद हसत नव्हता. त्याची पाळी आली त्या दिवशी घरी येऊन तो पट्टी हातात घेऊन पलंगाच्या कडेला बसला. सासूबाई म्हणाल्या, "आता कसं रे व्हायचं? तुझं झोपेतलं ते सगळं या कागदावर येणार. सुरी जाणार बघ."

उस्ताद पट्टी हातात उलटसुलट करत राहिला. इतकी वर्षं आपल्याला रक्ताची स्वप्नं पडतात म्हणून जो सांगत आला, तो आता कुठल्या तोंडाने सांगणार की पडत नाहीत? अर्थात हे तेव्हा कोणाच्याच ध्यानात आलं नाही. धाकटीच पुढे झाली.

"द्या इकडे. मी बांधते."

"तू?"

"मला काय स्वप्नं पडणार? धुणं आणि भांडी. पिवळीजर्द पट्टी येईल तुमची."

सासूबाईंना ते एकदम पटलं. "बांध हिला. ही म्हणजे मेंढीहून गरीब. झोपेत साधी कूससुद्धा बदलत नाही."

पट्टी बांधून धाकटी त्याच्या शेजारी झोपली. उठली तेव्हा तिला स्वप्न काही आठवत नव्हतं, फक्त उजवा हात खांद्यापासून ठणकत होता आणि मूठ इतकी घट्ट वळलेली होती की नखं तळव्यात रुतली होती.

दुसऱ्या दिवशी फाटकापाशी चिंधी बाहेर आली आणि येतच राहिली. लाल. मधे निळं नाही, पिवळं नाही, या टोकापासून त्या टोकापर्यंत लाल, आणि सगळे बाण वर. मापाऱ्याने चष्मा पुसला, भिंग लावलं.

"उस्ताद, हे जनावर नाही. जनावराला इतका गडद येत नाही. हा माणूस आहे. आणि तो झोपलेला आहे. तुम्ही त्याला कापताय, मग पुन्हा कापताय, आणि... थांबतच नाही आहात."

मागे रांगेत उभी असलेली माणसं नकळत सरकली. दुसऱ्या सुरीवरच्या नव्या माणसाने घसा चाचपत विचारलं, "कोण आहे तो? मी नाही ना?"

उस्तादला तेवढं मात्र नीट समजलं होतं. कोणाच्या कपाळावर पट्टी होती ते त्याला माहीत होतं, आणि तिच्या शेजारी कोण झोपलेलं होतं तेही.

त्याची सुरी त्याच क्षणी काढून घेतली. नियम असा होता की लाल आली तर कायमचा निकाल लावण्याआधी पुढची झोप कुलपातली. मापारी स्वतः दुपारी घरी आला, उस्तादच्या कपाळाला पट्टी बांधून तिला मागे छोटं पितळी कुलूप घातलं. "आता ही माझ्याशिवाय निघणार नाही," असं म्हणून तो गेला.

जेवण झाल्यावर धाकटी उस्तादचं ताट उचलायला वाकली तेव्हा तो हळूच म्हणाला, "काय दिसलं गं तुला काल झोपेत?"

"मला काही आठवत नाही. शपथ."

"बरं," तो म्हणाला. "चल, झोपायची वेळ झाली."

तिला झोप लागली नव्हती. त्याचा श्वास संथ चालला होता, डोळे मिटलेले होते. मग त्याचं कोपर वर गेलं आणि पुऱ्या ताकदीनिशी तिच्या जबड्यावर आलं. काहीतरी कडकन मोडलं. तोंडात रक्त आणि दाताचा तुकडा आला. ती हातांनी तोंड झाकून वळली तर पाठीत मूठ बसली, मग आणखी एक, त्याच जागी. नंतर तो कूस बदलून घोरायला लागला. धाकटीने न्हाणीघरात जाऊन रक्त थुंकलं, जबड्याला फडकं बांधलं आणि मनाशी म्हटलं, झालं, आजची पट्टीसुद्धा लाल येणार. बिचाऱ्याची सुरी गेली. माझ्यामुळे गेली.

संध्याकाळी मापारी आला. पलंगाशेजारच्या स्टुलावर पेटी ठेवून त्याने कुलूप काढलं. चिंधी बाहेर आली. धाकटी दाराच्या चौकटीला धरून उभी होती, सासूबाई खाली बसून शेंगा सोलत होत्या.

चिंधी पिवळी होती. पिवळी, स्वच्छ, उन्हासारखी.

"वा!" मापारी म्हणाला. "उस्ताद, अहो, लहान मुलालाही इतकी शांत झोप लागत नाही. स्वप्नात रक्ताचा एक थेंब नाही. कालचा बहुतेक यंत्राचाच घोटाळा. सुरी तुमची. उद्या या कामावर."

उस्ताद हसला. सासूबाईंनी शेंगांची टोपली बाजूला सारून हात जोडले.

"आणि हे काय?" धाकटीने विचारलं. जबडा बांधलेला असल्यामुळे ते बोबडं आलं. चिंधीच्या मध्यावर, दोन पिवळ्या पट्ट्यांच्या मधे, बोटभर जागा कोरी होती.

"कुठे? हे पांढरं? ते काही नाही. तेवढा वेळ जागे होते. आम्ही ते धरतच नाही. आमचं काम स्वप्नांशी."

"जागे म्हणजे अर्धवट झोपेत?"

"नाही हो बाई. अर्धवट झोपेला फिकट पिवळा येतो, तो हा बघा कडेला. पांढरं म्हणजे टक्क जागे. तुमच्या-माझ्यासारखे. माशी बसली असेल." मापारी पेटी बंद करू लागला. "आणि एक सांगतो, स्वप्न पडत असताना माणसाचे हातपाय हलत नाहीत. शरीर कुलूप लावल्यासारखं असतं. लोकांना वाटतं स्वप्नात माणूस लाथा मारतो. मारतात एखाददुसरे, आजारी असतात ते. उस्ताद ठणठणीत आहेत."

उस्ताद बुटाची नाडी बांधू लागला, जरी त्याला कुठे जायचं नव्हतं.

शेवटी सासूबाईंनी मान वर केली. "अहो, मापारी," त्या म्हणाल्या, "माझे यजमान वारले त्याला फार वर्षं झाली. त्यांची पट्टी आता काढता येते का हो?"

मापाऱ्याला वाटलं म्हातारी थट्टा करतेय. तो हसला आणि निघून गेला.

त्या रात्री, उस्ताद कामावर निघून गेल्यावर, सासू-सुना स्वयंपाकघरात समोरासमोर बसल्या. धाकटीच्या डोळ्यांसमोर नखं आलेली ती बोटं होती. दुसरी लाथ, जी ती खाली पडल्यावर बसली. पलंगावर झोपलेल्या माणसाची लाथ जमिनीपर्यंत कशी पोचेल, हा साधा प्रश्न तिला इतक्या वर्षांत एकदाही पडला नव्हता. आणि आपण त्याच्या डोक्यावरून हात फिरवला!

बुधवारी दुपारी उस्ताद खुशीत घरी आला. सुऱ्यांची गुंडाळी खुंटीला अडकवली, जेवला, आईला म्हणाला, "पाहिलंस? माझ्या वाटेला कोण जाणार!" आणि पडदे ओढून झोपला. धाकटीने गुंडाळी उतरवली. आधी तिने मोठी सुरी बाहेर काढली. ती हातात बसली, अगदी अनोळखी वाटली नाही. ठणकणारा खांदा आपोआप वर गेला आणि त्या वेळी तिला समजलं की परवा झोपेत हेच चाललं होतं. तिने सुरी परत आत ठेवली आणि सुऱ्यांना धार लावायची लोखंडी सळई घेतली. पलंगाच्या कडेला बसली. दारात सासूबाई होत्या. त्यांनी सून काय घेऊन बसलीय ते बघितलं, मग पाठ फिरवली आणि उंबऱ्यावर बसून राहिल्या, रस्त्याकडे तोंड करून.

"अहो," धाकटी म्हणाली, "जागे आहात का?"

श्वास संथ. पापणी मात्र हलली.

"जागे असाल तर सांगा. मी जाते माझ्या बहिणीकडे, पुन्हा तोंड दाखवणार नाही. नुसतं हो म्हणा."

तिला खरोखर तेवढंच हवं होतं, असं ती नंतर म्हणाली. एक हो. त्याने उत्तर दिलं ते मुठीने. डोळे मिटलेले ठेवून, घोरण्याचा आवाज काढत, त्याने तिच्या बांधलेल्या जबड्यावर मूठ मारली. रक्त फडक्यातून खाली आलं. धाकटीने त्याचा तोच हात मनगटाला धरला, पलंगाच्या लाकडी कडेवर आडवा ठेवला आणि सळई खाली आणली. हाड फुटल्याचा आवाज सासूबाईंनी पाठमोऱ्या ऐकला. तो ओरडून उठला, "आई! ही मला मारतेय!" आणि दुसऱ्या हाताने तिचा गळा धरायला गेला. धाकटीने पुन्हा सळई आणली, पुन्हा त्याच मनगटावर. हाड कातडीबाहेर आलं. तो गुडघ्यांवर पडला. सासूबाई उंबऱ्यावरून हलल्या नाहीत.

हवालदार चांगला माणूस होता. त्याने धाकटीला पाण्याचा पेला दिला, तिचं तोंड पाहिलं आणि कागद काढला. मापाऱ्याकडून त्याला लाल पट्टीची हकीकत समजली होती, आणि ती खरी कोणी बांधली होती हे सासूबाईंकडून.

"बाई, ती लाल पट्टी तुमचीच होती ना?"

"हो."

"मग सोपं आहे. तुम्हाला झोपेत मारण्याचा विकार आहे, असं लिहितो. पट्टी पुराव्याला लावतो. झोपेत झालं म्हटलं की कोर्ट हात लावत नाही. संध्याकाळपर्यंत घरी. नाहीतर तुरुंग आहे, स्पष्ट सांगतो. त्याचा हात कायमचा गेलाय."

गल्लीतले लोक जमले होते. "म्हण की गं," एक बाई म्हणाली. "एक शब्द तर बोलायचाय." दुसरी म्हणाली, "त्याने इतकी वर्षं म्हटलंच ना?"

धाकटीने फडकं सोडलं, नीट बोलता यावं म्हणून. तिचा आवाज त्या दिवशी पहिल्यांदाच पलीकडच्या फुटपाथपर्यंत ऐकू आला.

"झोपेत नाही. मी जागी होते. दोन्ही वेळा जागी होते. तसंच लिहा."

"अहो, विचार करा—"

"लिहा ना, साहेब. तुम्हाला काय होतंय?"

हवालदाराने सुस्कारा सोडला आणि लिहिलं. मग त्याने सासूबाईंना विचारलं, "आजी, तुम्ही काय पाहिलं?"

"माझा मुलगा जागा होता," सासूबाई म्हणाल्या. "तेही लिहा. आणि याचे वडीलही."

"ते कशाला? ते तर वारले ना?"

"वारले. पण लिहा."

त्याने तेही लिहिलं की नुसता हात हलवला, कोण जाणे. धाकटी पायात चपला घालून आपणहून हवालदाराच्या गाडीत जाऊन बसली. खिडकीतून सासूबाईंना म्हणाली, "चुलीवर दूध आहे. उतू जाईल." गाडी गेली. म्हातारी एकटी त्या घरात परत जायला तयार होईना, म्हणून मी त्यांना आमच्याकडे घेऊन आले.

माझ्या वहीत त्या संध्याकाळच्या नोंदीत पुढे एवढंच आहे: पाहुण्यांच्या उशीचा अभ्रा कडेला उसवला होता, तो शिवून टाकला.